उबुदचा एक दिवस: भातखाचरं, चित्रं आणि डोंगरकाठचं जेवण

बाली बेटावरच्या उबुदजवळ, तेगाल्लालांगच्या भातखाचरांच्या कठड्यापाशी सगळे मोबाईल काढून उभे होते आणि माझे बाबा वाकून बांधाच्या पोटातून येणारं पाणी बघत होते. "हे येतंय कुठनं? आणि खालच्या खाचरात सोडायच्या आधी इथं अडवलंय कुणी?" राजापूर तालुक्यात आमची भातशेती आहे. चिखलणी-लावणीत सगळा जन्म गेलेल्या माणसाला समोरच्या हिरव्या पायऱ्यांत देखाव्याच्या आधी कुणाचे तरी हात दिसले.

मी त्याआधी एकदा बालीला जाऊन आले होते. एका सहल कंपनीच्या गाडीतून एका दिवसात नऊ ठिकाणं पाहिली. त्यातली गाडीची खिडकी आणि बुफेची रांग एवढंच आज आठवतं. दुसऱ्या खेपेला आई-बाबांना घेऊन गेले, बाबांच्या त्या प्रश्नाचा माग काढत दिवस आखला आणि चारच ठिकाणी थांबलो. पाणी कुठून येतं हे बघत गेलं की भातशेती, देवळं, चित्रं आणि ताटातला भात एका धाग्यात येतात. पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी तोच दिवस इथे सविस्तर लिहिते आहे.

मुक्काम आणि महिना

हा दिवस करायचा तर आदल्या रात्री उबुदला मुक्काम करा. बहुतेक लोक विमानतळाजवळच्या कुटा-सेमिन्याक भागात, समुद्राकडे राहतात आणि तिथून सकाळी निघतात. विमानतळ ते उबुद अंतर ३५-४० किलोमीटरच आहे, पण रस्ते अरुंद आणि गर्दी भरपूर, त्यामुळे दीड-दोन तास सहज जातात. उबुदला राहिलात तर सकाळी सातच्या आत बांधावर असाल. हे दोन तास पुढच्या सगळ्या दिवसाला पुरतात.

एप्रिल ते ऑक्टोबर कोरडा काळ, नोव्हेंबर ते मार्च पावसाचा. "भात हिरवा कधी असतो?" हा प्रश्न मला सगळेच विचारतात. त्याला एक उत्तर नाही, कारण बालीत सगळीकडे एकाच वेळी लावणी होत नाही. प्रत्येक पाणलोटाची पाळी वेगळी. एका दरीत चिखलणी होऊन खाचरं आरशासारखी भरलेली असतात, तर पलीकडच्या दरीत भात पोटरीत आलेला असतो आणि त्याच्या खाली कापणी चाललेली असते. हॉटेलवाल्याला आदल्या संध्याकाळी विचारा, सध्या कुठे काय आहे. नुसती पाण्याने भरलेली खाचरं दिसली तर हिरमुसू नका. सकाळच्या उन्हात मला तीच जास्त आवडली.

एक तारीख मात्र टाळा, किंवा मुद्दाम गाठा: न्येपी. बालीचं शक नववर्ष. त्या दिवशी बेटावर पूर्ण शांतता असते. रस्त्यावर कुणी येत नाही, दिवे मंद, विमानतळसुद्धा २४ तास बंद. त्यांची शकगणना आपल्या शालिवाहन शकाशी जुळते. २०२५ मध्ये न्येपी २९ मार्चला होती आणि आपला पाडवा ३० ला, दोन्हीकडे शके १९४७. २०२६ मध्ये तर दोन्ही एकाच दिवशी, १९ मार्चला. म्हणजे पाडव्याच्या सुट्टीला जोडून बालीचं तिकीट काढणार असाल तर आधी न्येपीची तारीख बघा.

गाडी, पैसे, कपडे

भारतीय पासपोर्टवर विमानतळावर ३० दिवसांचा व्हिसा मिळतो. फी ५ लाख रुपिया, म्हणजे इंडोनेशियाच्या चलनात. आकडा ऐकून दचकू नका, शून्यं खूप असतात. १ लाख रुपियाची नोट म्हणजे आपले पाचशे ते साडेपाचशे रुपये. व्हिसा घरूनच ऑनलाइन काढला तर उतरल्यावरची एक रांग वाचते. १४ फेब्रुवारी २०२४ पासून परदेशी पर्यटकांना दीड लाख रुपियाचा वेगळा कर आहे. तोही आधीच ऑनलाइन भरून पावती मोबाईलमध्ये ठेवा. निघण्यापूर्वी दोन्हीचे ताजे दर सरकारी संकेतस्थळावर पाहून घ्या.

गाडी चालकासकट, दिवसभरासाठी ठरवा. ८ ते १० तासांना साधारण ६ ते ८ लाख रुपिया पडतात, त्यात पेट्रोल धरलेलं असतं. ॲपवरून जाताना टॅक्सी मिळेलही, पण तेगाल्लालांग किंवा दुसऱ्या थांब्याच्या तांपाकसिरिंगहून परतीची मिळेल याचा भरवसा नाही. स्कूटरचा मोह तरुण मंडळींना होतो. रस्त्याची बाजू आपल्यासारखी डावीच आहे, पण दुचाकीचा उल्लेख असलेला आंतरराष्ट्रीय परवाना नसेल तर अपघात झाल्यावर विमा कंपनी हात वर करते. आई-बाबा बरोबर असतील तर हा विषयच नको.

चालकाला आदल्या रात्री तीन गोष्टी स्पष्ट सांगा: सकाळी साडेसहाला निघायचं, वाटेत कुठल्याही दुकानात थांबायचं नाही, आणि उदमांजराच्या कॉफीचा मळा नको. तो मळा बहुतेक सहलींत घुसवलेला असतो. उदमांजराने खाऊन टाकलेल्या कॉफीच्या बिया धुऊन-भाजून ती कॉफी विकतात, आणि त्यासाठी अनेक ठिकाणी ही रात्री हिंडणारी जनावरं दिवसा पिंजऱ्यात कोंडून पाहुण्यांना दाखवतात. मी पहिल्या खेपेला तो पिंजरा पाहिला आहे. पुन्हा पाहायचा नाही.

चालकाला 'ब्ली' म्हणा, म्हणजे दादा. बाईमाणसाला 'म्बोक'. नाव वायान, मादे, न्योमान किंवा केतुत यांपैकी असण्याची शक्यता दाट, कारण तिथे मुलाचं नाव बऱ्याचदा जन्माच्या क्रमाने ठेवतात: पहिलं, दुसरं, तिसरं, चौथं. आमचे वायानदादा अर्थातच थोरले होते.

पिशवीत एवढं असू द्या: घट्ट पकडीच्या सँडल, एक सुती लुंगी किंवा ओढणी, पातळ स्वेटर, छत्री, पाणी आणि १०, २० व ५० हजारांच्या सुट्या नोटा. देवळात कमरेला सारोंग (लुंगीसारखं कापड) आणि त्यावर कापडी पट्टा बांधावा लागतो. बहुतेक ठिकाणी दाराशी मिळतो, स्वतःचा असला तर बरं. मासिक पाळीत आत येऊ नये असे फलक देवळांच्या दाराशी असतात, हे बायकांनी आधीच माहीत करून घेतलेलं चांगलं.

पहिला थांबा: तेगाल्लालांग, सकाळी सात

उबुदपासून नऊ-दहा किलोमीटर उत्तरेला. सातला पोहोचलात तर बांधावर शेतकरी असतो, नऊनंतर पोहोचलात तर झोपाळ्यांची रांग असते. नारळाच्या झाडांना टांगलेले मोठे झोपाळे, त्यावर लांब झग्यातले फोटो, त्याचे वेगळे पैसे. ज्याला हवं त्याने जरूर करावं. माझ्या मते खालच्या पाटापाशी बसून घालवलेला अर्धा तास त्याहून मोलाचा.

आत जायला तिकीट आहे, थोड्या पैशांचं. पुढे बांधावरून चालताना मध्येच एखादा शेतकरी छोटी पेटी घेऊन बसलेला भेटतो आणि पैसे मागतो. काहीजण यावरून वाद घालतात. तुम्ही त्याच्या शेतातून, त्याने हाताने लिंपलेल्या बांधावरून चालता आहात. ५-१० हजार रुपिया म्हणजे आपले साधारण पंचवीस ते पंचावन्न रुपये. द्या आणि हसून पुढे जा.

आता खाली उतरा आणि पाणी बघा. एका खाचरातून पाणी दुसऱ्यात उतरतं ती जागा शोधा. पाटात कुठेकुठे खाचा पाडलेला लाकडाचा ओंडका किंवा दगड-सिमेंटचा उंबरठा आडवा बसवलेला दिसेल. त्या खाचांच्या रुंदीनुसार पाणी वाटलं जातं. ज्याची खाच जेवढी, त्याचा वाटा तेवढा, आणि पाणी कमी आलं तर सगळ्यांचंच त्याच प्रमाणात कमी होतं. हे वाटप बघणाऱ्या शेतकऱ्यांच्या मंडळाला सुबक म्हणतात. शब्द बालीचा आहे, पण मराठी कानाला तो ऐकून बरं वाटतं, आणि समोरच्या बांधांकडे पाहिलं की चपखलही वाटतो.

सुबक ही व्यवस्था नवव्या शतकापासून चालत आलेली आहे. डोंगरात बोगदे खोदून, नद्यांना छोटे बंधारे घालून पाणी आणायचं आणि वरपासून खालपर्यंत सगळ्यांनी मिळून त्याचा सांभाळ करायचा. प्रमुखाला पेकासेह म्हणतात, आपण पाटकरी म्हणू. धुळे-नाशिककडच्या वाचकांना आपली फड पद्धत आठवेल. पांझरेच्या काठी बंधारे, त्यावरून काढलेले पाट, आणि पाटकऱ्याने पाळीपाळीने सोडलेलं पाणी. बालीत त्याला देवळाची जोड आहे. जिथे पाणी वळतं तिथे एक छोटं देऊळ असतंच, आणि लावणी कधी, खाचरं कोरडी कधी, हे त्या देवळांच्या साखळीतून ठरतं. पुजेची देवी आहे देवी स्री. आपली श्रीच ती, तिथे भाताच्या रूपात.

हे कळल्यावर बाबांनी विचारलं, "पण एका पाणलोटातल्या सगळ्यांनी एकदम लावणी करायची सक्ती कशाला?" मी त्यांना सत्तरच्या दशकातली गोष्ट सांगितली. हरितक्रांतीच्या काळात सरकारने नवीन सुधारित वाणं आणली आणि शेतकऱ्यांना सांगितलं, देवळाच्या पाळ्या सोडा, जमेल तेवढ्या वेळा पीक घ्या. सुरुवातीला उत्पन्न वाढलं. मग तपकिरी तुडतुडे आणि रोग असे पसरले की पिकं बसली. पूर्वी एका पाणलोटातले सगळे एकदम कापणी करून शेतं पाण्याखाली किंवा कोरडी ठेवत, त्यामुळे किडीला काही काळ खायलाच उरत नसे. पाळ्या मोडल्या तशी किडीला बारा महिने पंगत मांडलेली. पुढे स्टीफन लान्सिंग हे मानववंशशास्त्रज्ञ आणि जेम्स क्रेमर हे पर्यावरणशास्त्रज्ञ, दोघांनी संगणकावर गणित मांडून दाखवलं की देवळांची जुनी वाटणीच पाणी आणि कीड या दोन्हींचा तोल सर्वांत चांगला सांभाळते. बाबा पाटात पाय सोडून बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "म्हणजे एकट्याने हुशारी करून भागत नाही."

कापणी झालेल्या खाचरात बदकांचा थवा दिसला तर थांबा. ती सांडलेले दाणे आणि किडे वेचतात आणि जाताना खत टाकतात. आणखी एक लक्षात ठेवा: वाटेवर, दुकानाच्या उंबऱ्यावर, गाडीच्या पुढच्या काचेपाशीसुद्धा नारळाच्या झावळीच्या छोट्या परड्या ठेवलेल्या दिसतात, त्यात फुलं, चिमूटभर भात, उदबत्ती. त्याला चनांग म्हणतात. रोजचा नैवेद्य आहे तो. त्याला पाय लागू देऊ नका, ओलांडून जाऊ नका.

चालायला सव्वा तास पुरतो. बांध ओले असतात, उतार तीव्र आहे. ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी वरच्या रस्त्याकडेच्या टपरीत कॉफी घेत बसावं. माझी आई तिथेच बसली आणि टपरीवाल्या म्बोककडून झावळीची परडी विणायला शिकली. आमच्यापैकी सर्वांत चांगली सकाळ बहुधा तिचीच गेली.

दुसरा थांबा: गुनुंग कावी

इथून तांपाकसिरिंग फार लांब नाही. बहुतेक सहली इथे तिर्ता एम्पुलला नेतात. इ.स. ९६२ मध्ये स्थापन झालेलं, जिवंत झऱ्यावरचं देऊळ, जिथे लोक ओळीने धारांखाली डोकं धरून स्नान करतात. तिर्ता म्हणजे तीर्थच. जागा सुंदर आहे, पण नऊनंतर पाण्यात भाविकांपेक्षा कॅमेरेच जास्त. एकच निवडायचं असेल तर मी जवळचं गुनुंग कावी निवडेन, आणि मराठी माणसाला तर आग्रहानेच सांगेन.

कारण ही लेणी आहेत. अकराव्या शतकात पाकेरिसान नदीच्या दोन्ही काठांवर, खडकात कोनाडे खोदून त्यात सुमारे ७ मीटर उंचीची १० देवळं कोरलेली आहेत. आत जाता येत नाही, ती समोरूनच पाहायची. ती राजघराण्याच्या स्मरणार्थ कोरली असं मानतात. स्थानिक आख्यायिका अशी की केबो इवा नावाच्या महाकाय पुरुषाने एका रात्रीत नखांनी ती कोरली. आपल्याकडे गावोगावची लेणी एका रात्रीत पांडवांनी कोरलेली असतात, तसंच.

आणि इथे पोहोचायची वाटच भातखाचरांतून आहे. सुमारे ३०० पायऱ्या उतरायच्या, दोन्ही बाजूंना हिरव्या उतरंडी, खाली नदीचा आवाज. युनेस्कोने २०१२ मध्ये बालीच्या सुबक व्यवस्थेला जागतिक वारशात घेतलं, त्यात हा पाकेरिसानचा पाणलोट आहे. फोटोंत सर्वांत जास्त दिसणारं तेगाल्लालांग त्या यादीत नाही, हे मलाही आधी माहीत नव्हतं. उतरताना घाई करू नका, चढताना तर नकोच. चढ उन्हात दमवतो. ज्येष्ठांना जमणार नसेल तर त्यांच्यासाठी तिर्ता एम्पुल सोयीचं, तिथे पायऱ्यांचा त्रास नाही.

तिसरा थांबा: किंतामणी, डोंगरकाठचं जेवण

इथे वेळेचं गणित महत्त्वाचं. बातूर ज्वालामुखी आणि त्याच्या पायथ्याचं सरोवर पाहत जेवायचं, म्हणून सगळ्या सहली एकच्या सुमाराला इथे येतात, आणि नेमकं दुपारीच ढग उतरतात. पहिल्या खेपेला मी पांढऱ्या भिंतीसमोर बसून जेवले होते. तुम्ही ११ पर्यंत पोहोचा. सकाळी लवकर निघाल्याचा फायदा इथे दिसतो. पनेलोकान या कड्यावर गाडीतून उतरताच गार वारा लागेल. उंची सुमारे दीड हजार मीटर आहे, स्वेटर इथेच लागतो.

समोरचा बातूर १,७१७ मीटर उंच. उतारावर काळ्या लाव्ह्याचे पट्टे स्पष्ट दिसतात. १९२६ च्या उद्रेकात खालचं बातूर गाव आणि त्याचं देऊळ लाव्ह्याखाली गेलं. गावकरी वर कड्यावर आले आणि तिथे देऊळ पुन्हा बांधलं. तेच आजचं पुरा उलुन दानू बातूर. बाबांच्या सकाळच्या प्रश्नाचं उत्तर इथे मिळतं. सरोवराची देवी दानू खालच्या सगळ्या झऱ्यांना पाणी देते अशी श्रद्धा आहे, आणि सुबकांच्या साखळीत हे देऊळ सर्वांत वरचं. सरोवरातून उघडी नदी बाहेर पडत नाही. पाणी जमिनीत मुरतं आणि खाली झऱ्यांतून वर येतं. जेवणापूर्वी पंधरा मिनिटं या देवळासाठी ठेवा.

जेवणाला दोन पर्याय. कड्यावरची मोठी बुफे हॉटेलं आहेत, तिथे जागा हमखास पण चव सपक. दुसरा पर्याय छोटी वारुंग, म्हणजे घरगुती खाणावळ, किंवा नव्याने झालेले कॅफे. मासे खात असाल तर सरोवरातला मुजाइर मागा. आपल्याकडची चिलापी, हळद-आलं-मिरचीच्या वाटणात शिजवून आटवलेली. न्यात-न्यात म्हणतात त्या पद्धतीला. आमच्या घरात माशाबद्दल मतं फार कडक आहेत, तरी ताट रिकामं परत गेलं. नंतर किंतामणीची कॉफी घ्या. इथल्या मळ्यांत कॉफी आणि संत्र्याची झाडं शेजारी शेजारी असतात.

शाकाहारी वाचकांनी हा भाग नीट वाचा. बाली हिंदू आहे म्हणून जेवण शाकाहारी असेल अशी समजूत करून घेऊ नका. डुकराचं मांस, कोंबडी, बदक हे सणावारी आणि नैवेद्यातही असतं. अडचण मांसापेक्षा तरासीची आहे. आंबवलेल्या जवळ्याचा गोळा, तो चटण्यांत आणि भाज्यांच्या वाटणात चिमूटभर असतोच. दिसत नाही, वासाने कळतो. टेबलावर आलेले कुरकुरीत पांढरे पापडही बऱ्याचदा कोळंबीचे असतात. म्हणून ही दोन वाक्यं मोबाईलमध्ये लिहून ठेवा: "साया तिदाक माकान दागिंग, इकान, तेलुर" (मी मांस, मासे, अंडी खात नाही) आणि "तानपा तरासी" (तरासी न घालता).

मग मागवायचं काय? उराब, म्हणजे उकडलेल्या शेंगा-पालेभाज्या आणि ओलं खोबरं, आपल्या खोबरं घातलेल्या भाजीची चुलत बहीण. तळलेलं तेंपे, सोयाबीन आंबवून केलेली वडी. ताहू म्हणजे टोफू. गादो-गादो हे भाज्यांवर शेंगदाण्याचं दाट सार, त्यातलं अंडं आणि पापड आधी काढायला सांगा. नासी चांपुर मागवलं तर मध्ये भाताची मूद आणि भोवती चार-पाच प्रकार येतात, अगदी आपल्या ताटासारखं. ते 'सायुर' म्हणजे भाज्यांचं करून मागा. आपल्याकडे शेतातला भात, कोठीतला तांदूळ आणि ताटातला पुन्हा भात. तिथे शेतातला पादी, कोठीतला बेरास, ताटातला नासी. भात पिकवणाऱ्या माणसांना एका शब्दात भागत नाही.

दरपत्रकावर आकड्यापुढे दोन अधिक चिन्हं दिसली तर कर आणि सेवाशुल्क वेगळं लागेल, दोन्ही मिळून २१ टक्क्यांपर्यंत. बाराला उठा. मोठ्या बस तेव्हा यायला लागतात.

चौथा थांबा: उबुद, दुपारची चित्रं

दुपारी ऊन तापतं किंवा सर येते. दोन्हींवर संग्रहालय हा उत्तम उपाय. किंतामणीहून उबुदला उतरायला तासाभराहून थोडं जास्त लागतं. तेवढ्यात गाडीत डुलकी काढा.

उबुदमध्ये तीन मोठी संग्रहालयं आहेत: पुरी लुकिसान, नेका आणि आर्मा. पहिल्यांदा जाणाऱ्याने एकच करावं, आणि ते पुरी लुकिसान. नावाचा अर्थ चित्रांचा महाल. १९५६ मध्ये सुरू झालं. मुख्य रस्त्यावर आहे, पण बाग आणि कमळाच्या तळ्यांमुळे आत शिरताच वाहनांचा आवाज मागे राहतो.

चित्रं पाहण्यापूर्वी एवढी पार्श्वभूमी पुरे. पूर्वी बालीत चित्रं देवळांसाठी आणि राजवाड्यांसाठी होत. कापडावर, छायाबाहुल्यांसारख्या आकृत्या, रामायण-महाभारतातले प्रसंग. कामासान गावची ही शैली अजून जिवंत आहे. १९२० च्या दशकाच्या अखेरीस वॉल्टर स्पीस हे जर्मन आणि रुडॉल्फ बॉनेट हे डच चित्रकार उबुदला येऊन राहिले. त्यांनी कागद आणि रंग आणले, पण हात आणि नजर इथल्याच माणसांची. १९३६ मध्ये या दोघांनी आणि उबुदच्या राजघराण्यातल्या चोकोर्दा गदे आगुंग सुकावती यांनी 'पिता महा' हा कलाकारांचा संघ उभा केला. त्या सुमारास बाजार, कापणी, कोंबड्यांची झुंज, नदीवरची आंघोळ असे रोजचे विषय चित्रांत येऊ लागले.

संग्रहालयात सगळं पाहायचा हट्ट धरू नका. तीन गोष्टी शोधा. पहिली, इ गुस्ती न्योमान लेम्पाद यांची रेखाटनं. काळ्या शाईची बारीक, अखंड रेघ आणि भोवती मोकळी जागा. भरगच्च चित्रांच्या दालनात ती मोकळीक डोळ्यांना विसावा देते. दुसरी, बातुआन गावच्या शैलीची चित्रं: गडद, आणि कागदाचा एक कोपराही रिकामा नाही. जवळ जाऊन पाहा, पानापानाआड माणसं, भुतं, जनावरं सापडतात. तिसरी, भातशेतीची चित्रं. सकाळी बांधावरून चालून आलेला माणूस त्या चित्रांपुढे वेगळाच थांबतो. एका कापणीच्या चित्रापुढे बाबांनी पाटाचा माग बोटाने हवेत काढला, वरच्या कोपऱ्यातल्या देवळापासून खालच्या बदकांपर्यंत. चित्रकाराने पाणी कुठेही तोडलेलं नव्हतं. सकाळी बांधावर पाहिलं होतं तसंच.

बाहेर पडल्यावर दोन मिनिटांवर सरस्वतीचं देऊळ आहे, समोर कमळांचं मोठं तळं. ते लेम्पाद यांनीच घडवलं. आत्ताच त्यांची रेघ पाहिली आहे, आता दगड पाहा.

चित्र विकत घ्यायचं असेल तर

मुख्य रस्त्यावरच्या दुकानांतली भातखाचरांची बरीचशी चित्रं एकाच साच्यातली असतात. तेच नारळ, तोच सूर्य. घरी आठवण म्हणून न्यायला वाईट नाहीत, पण त्यांची किंमत तेवढीच समजा. खरं काम हवं तर उबुदच्या आसपासच्या गावांत जा: चित्रांसाठी बातुआन किंवा पेनेस्तानान, लाकडी कोरीवकामासाठी मास, चांदीसाठी चेलुक. चित्रकाराच्या घरात काम चालू असलेलं दिसतं, एका कागदाला किती दिवस लागले ते विचारता येतं. दिवसाचा हिशेब कळला की घासाघीस करायची जीभ आपोआप आवरते. आम्ही वहीच्या पानाएवढं बातुआन शैलीचं एक चित्र घेतलं, न गुंडाळता दोन पुठ्ठ्यांमध्ये सपाट ठेवून आणलं. कॅनव्हास असेल तर चौकटीवरून काढून नळीत गुंडाळून देतात. चालकाने सुचवलेल्या मोठ्या दालनांत त्याचा वाटा किमतीत धरलेला असतो, त्यात गैर काही नाही, पण माहीत असावं.

संध्याकाळ

साडेपाचच्या सुमारास शेतालगतच्या एखाद्या वारुंगमध्ये जाऊन बसा. उबुदच्या कडेला अजून थोडी खाचरं उरली आहेत. दरवेळी जावं तर त्यातलं एखादं बंगल्याखाली गेलेलं दिसतं आणि वाईट वाटतं. म्हणूनही मी शेत राखलेल्या माणसाच्या वारुंगमध्येच बसते. बुबुर इंजिन मागा: काळ्या तांदळाची खीर, वरून नारळाचं घट्ट दूध. गोडवा ताडगुळाच्या जातीच्या गुळाचा. आईने पहिल्या घासाला "ही तर आपलीच" म्हणून पसंतीची पावती दिली. विषुववृत्त जवळ असल्यामुळे अंधार सहा-साडेसहाला झपकन पडतो. त्याआधी बसलं तर बदकं परतताना दिसतात, नंतर बेडकांचा आवाज सुरू होतो.

अंगात दम असेल तर राजवाड्याच्या अंगणात रात्री लेगोंग नृत्य असतं, किंवा जवळपासच्या देवळात केचाक, पुरुषांच्या घोळक्याने फक्त आवाजावर उभं केलेलं रामायण. तिकिटं त्याच दिवशी रस्त्यावर मिळतात. दोन्ही नको, एकच. आम्ही केचाक पाहिलं, आणि हनुमान आल्यावर बाबांनी नकळत हात जोडले.

आणखी एक दिवस असेल तर: जातिलुवीह

शेतकरी घरातल्या माणसाला मी हा दिवस वाढवायलाच सांगेन. उबुदहून पश्चिमेला दीड-दोन तास, बातुकारू डोंगराच्या उतारावर. इथली खाचरं युनेस्कोच्या यादीतली आहेत, आणि एवढी पसरलेली की गर्दी असली तरी विरून जाते. चालायच्या वाटा रंगीत खुणांनी आखलेल्या आहेत, तासाभराच्या छोट्या वाटेपासून अर्ध्या दिवसाच्या लांब वाटेपर्यंत. इथे जुन्या वाणाचा, उंच वाढणारा लाल तांदूळ पिकतो, त्याचा भात आणि भाजलेल्या दाण्यांचा चहा दोन्ही घ्या.

बांधावर एक आजोबा लोंब्यांची जुडी बांधत होते. बाबांनी एक लोंबी हातात घेऊन दाणे मोजले, मग वायानदादांकरवी विचारलं, बी थोडं मिळेल का? आजोबा लगेच मूठभर द्यायला निघाले. पण परवान्याशिवाय बियाणं भारतात आणता येत नाही, विमानतळावर काढून घेतात, आणि कीड-रोग पसरायचा धोका खराच आहे. मी तसं सांगितलं. बाबांनी दाणे परत त्यांच्या ओंजळीत ठेवले. मग दोघं बांधावर उकिडवे बसले आणि दुभाष्याशिवाय, नुसत्या हातवाऱ्यांनी, रोपं किती दिवसांची झाली की लावायची हे एकमेकांना दाखवत राहिले. त्या वाटेला नकाशावर दीड तास लिहिला होता. तुम्ही तीन धरा.